वाटपाच्या अपिलात तडजोड नोंदवताना

आमच्या घरातला वाटपाचा दावा अखेर जिल्हा न्यायालयात, अपिलाच्या टप्प्यावर, तडजोडीने मिटला. काकांशी बोलणी होऊन सगळं ठरलं तेव्हा आम्हाला वाटलं होतं की आता कोर्टाचं काम एका सहीपुरतं उरलं. प्रत्यक्षात खरं काम तिथून सुरू झालं. हे काम नीट झालं नाही तर तडजोड करूनही घर हातचं जाऊ शकतं, हे मला या निमित्ताने कळलं. अनेक घरांत असे दावे अपिलात पडून असतात आणि माणसं थकून तडजोडीला तयार झालेली असतात. त्यांच्यासाठी हे सविस्तर लिहिते आहे.

आधी दावा काय होता ते. काका आणि त्यांचा थोरला मुलगा यांनी बाबांविरुद्ध वाटप आणि स्वतंत्र ताबा मागितला होता. दाव्यात जमिनीचे दोन गट आणि आम्ही राहतो ते वडिलोपार्जित घर होतं. आत्याला प्रतिवादी केलं होतं. खालच्या कोर्टाने दावा मंजूर केला. तिघा भावंडांना सारखा हिस्सा, घराचंही वाटप, आणि जमीन इतकी वर्षं बाबा कसत होते म्हणून उत्पन्नापोटी काकांना ठरावीक रक्कम, असा हुकूमनामा (डिक्री, म्हणजे अंमलात आणायचा कोर्टाचा निर्णय) झाला. बाबांनी तीस दिवसांच्या मुदतीत अपील केलं. उत्पन्नाची अर्धी रक्कम कोर्टात जमा करण्याच्या अटीवर स्थगिती मिळाली. अपील प्रलंबित असतानाच चुलतभाऊ अचानक गेला आणि पुढे बाबाही गेले.

अपिलात कुणी मयत झालं की वारसांची नावं रेकॉर्डवर घ्यावी लागतात आणि त्याला मुदत असते नव्वद दिवसांची. चुलतभाऊ आमच्या विरुद्ध बाजूचा असला तरी अपील आमचं होतं, म्हणून त्याच्या वारसांना सामील करायचा अर्ज आम्हालाच द्यावा लागला. त्याच्या पत्नीचं, म्हणजे वहिनींचं नाव आलं आणि त्यांच्या शाळकरी मुलाचंही. कागदावर त्याच्या नावापुढे 'अज्ञान, अ.पा.क. आई', म्हणजे वयात न आलेला, पालनकर्ती आई, असं लागलं. या शब्दांचं वजन तेव्हा माझ्या लक्षात आलं नव्हतं. तडजोडीच्या वेळी सगळ्यांत जास्त कागद त्या मुलासाठी लागले. बाबांच्या जागी आई, मी आणि माझा भाऊ अशी तिघांची नावं आली.

बाबांच्या वर्षश्राद्धाला काका आले आणि जाताना आईला म्हणाले, "वहिनी, घर तुम्हाला राहू दे. मला रानाशी मतलब आहे." आईने होकार द्यायला वेळ लावला नाही. पुढच्या काही बैठकांत बाकीचं ठरत गेलं. घर आणि मागचं परसू आमच्याकडे. मोठा गट काकांकडे, लहान गट आत्याकडे. कोर्टात भरलेली रक्कम काकांनी उचलायची आणि उरलेल्या अर्ध्या रकमेवर पाणी सोडायचं. चुलतभावाच्या मुलाला बाबांनी स्वतःच्या कमाईतून घेतलेला प्लॉट द्यायचा. हा प्लॉट दाव्यात कुठेच नव्हता, पण तो आला म्हणूनच घराचा प्रश्न सुटला.

मग काकांच्या धाकट्या मुलाने सुचवलं की सगळं स्टॅम्पपेपरवर लिहू, नोटरी करू आणि तुम्ही अपील काढून घ्या, म्हणजे तारखा संपल्या. त्याच्या मनात काही वाकडं नव्हतं, सगळ्यांनाच तो सोपा मार्ग वाटला. मी तो मसुदा आमच्या वकिलांना दाखवायला नेला. त्यांनी तो बाजूला ठेवला आणि विचारलं, "अपील काढून घेतल्यावर मागे काय उरतं?"

उरतो तो खालच्या कोर्टाचा हुकूमनामा, जशाचा तसा. अपील म्हणजे मूळ दाव्याचाच पुढचा भाग. वरच्या कोर्टाने नवा हुकूमनामा दिला तर जुना त्यात विलीन होतो. अपील नुसतं मागे घेतलं तर विलीन व्हायला काही नसतंच. घराचं वाटप करा, उत्पन्नाची पूर्ण रक्कम द्या, हे सगळं जिवंत राहतं, आणि स्थगिती अपिलाबरोबर संपलेली असते. मग नोटरी केलेल्या कागदाचं काय? त्याचं उत्तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ नियम २ मध्ये आहे. हुकूमनाम्यानंतर कोर्टाबाहेर जे पैसे दिले किंवा जे ठरवलं, ते अंमलबजावणी करणाऱ्या कोर्टात नोंदवलेलं नसेल तर दरखास्तीत, म्हणजे हुकूमनामा अंमलात आणायच्या अर्जात, ते कोर्ट त्याची दखल घेऊ शकत नाही. नोंदवण्यासाठी ऋणकोने, म्हणजे ज्याच्याविरुद्ध हुकूमनामा आहे त्याने, अर्ज करायची मुदत फक्त तीस दिवस, आणि दरखास्त लावायला समोरच्याला बारा वर्षं. आज काका शब्दाचे पक्के आहेत. पण बारा वर्षांत त्यांच्या जागी त्यांचे वारस येऊ शकतात, आणि त्या वारसांनी आईला दिलेला शब्द ऐकलेला नसेल. हे ऐकून माझ्या अंगावर काटा आला.

अपील मागे घेणं नेहमी चूकच, असं मात्र नाही. तडजोडीत खालच्या कोर्टाचा निकालच मान्य करायचा असेल, फक्त पैसे भरायला हप्ते हवे असतील, तर ती वाट चालते. हप्ते तेवढे दरखास्तीत नोंदवून घ्यायचे. आमच्या अटी मात्र निकालापेक्षा पार वेगळ्या होत्या. म्हणून आम्हाला जुना हुकूमनामा बदलून त्याच्या जागी तडजोडीचा हुकूमनामा हवा होता, आणि तो अपिलाच्या कोर्टाकडूनच मिळणार होता.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम ३ मध्ये त्याची तरतूद आहे, आणि कलम १०७ मुळे अपिलाच्या कोर्टालाही तोच अधिकार मिळतो. तडजोड कायदेशीर हवी, लेखी हवी आणि पक्षकारांनी सही केलेली हवी. 'लेखी आणि सही केलेली' हे शब्द १९७६ च्या दुरुस्तीने आले. मध्यंतरी काकांचा धाकटा मुलगा लहान गटावरून थोडा मागे सरकला, तेव्हा भाऊ चिडून म्हणाला की सगळ्यांसमोर ठरलंय, कोर्टात तसं सांगू. वकिलांनी त्याला १९८८ चा गुरप्रीत सिंग विरुद्ध चतुरभुज गोयल हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल सांगितला. तिथेही प्रकरण अपिलातलंच होतं. सुनावणीत दोन्ही बाजूंनी तडजोडीचं तोंडी बोलणं झालं होतं, पण सह्यांचा लेखी करार नव्हता, म्हणून ती तडजोड टिकली नाही. बैठकीत कितीही माना डोलल्या तरी सह्या होईपर्यंत अपील गुणदोषांवर चालतच राहतं.

त्या काळात तारखांना कुणीतरी हजर राहणं अत्यंत महत्त्वाचं असतं. 'बोलणी चालू आहेत' म्हणून पुकाऱ्याला कुणीच उभं राहिलं नाही तर अपील गैरहजेरीत निकाली निघू शकतं. मग ते परत दाखल करून घ्यायला तीस दिवसांत अर्ज, कारणं, पुन्हा नोटिसा. आमचे वकील दर तारखेला 'तडजोडीसाठी मुदत' असा अर्ज देत आणि रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या कामकाजाच्या नोंदीत, तशी नोंद पडत असे.

मसुदा लिहिताना पहिला खोळंबा झाला आत्याचा. काका म्हणत होते की मुख्य भांडण आपल्या दोघांत, तिला नंतर समजावू. वाटपाच्या दाव्यात असं होत नाही. तिचा हिस्सा हुकूमनाम्यात होता, आणि तिने सही न केलेली तडजोड तिच्यावर बंधनकारक झाली नसती. पैशाच्या दाव्यात दोन ऋणकोंपैकी एकाने आपल्यापुरतं मिटवलं तर दुसऱ्याविरुद्ध काम पुढे चालू राहू शकतं. वाटपात एकाचा हिस्सा हलला की सगळ्यांचे हलतात. मी आत्याकडे मसुदा घेऊन गेले. तिने चष्मा लावून दोनदा वाचला आणि विचारलं, "यात मी हक्क सोडते असं कुठं लिहिलंय का?" नव्हतं लिहिलं. उलट लहान गट पूर्णपणे तिच्या नावावर येणार होता. मुलींना जन्मतः हक्क आहे हे सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा प्रकरणात २०२० साली स्पष्ट केलं, पण घरोघरी बहिणींकडून अजून कोऱ्या कागदांवर सह्या घेतल्या जातात. तिने तो प्रश्न विचारला याचा मला फार आनंद झाला. लहान गट तिला अखंड द्यायचं आणखी एक कारण होतं. त्यातून थोडा भाग काढून दिला असता तर शेतजमिनीचे लहान तुकडे करायला मनाई करणाऱ्या १९४७ च्या तुकडेबंदी कायद्याचा अडथळा आला असता, आणि तडजोड कायदेशीर आहे की नाही हे कोर्ट आधी बघतं.

दुसरा खोळंबा प्लॉटचा. दाव्याबाहेरची मालमत्ता तडजोडीत घालता येते, त्याच पक्षकारांमधली असेल तर. १९७६ च्या दुरुस्तीने तेही मोकळं केलं. पण नोंदणी कायदा १९०८ मधलं कलम १७ वेगळं सांगतं. कोर्टाचा हुकूमनामा एरवी नोंदवावा लागत नाही. तो तडजोडीवर आधारलेला असेल आणि त्यात दाव्याच्या विषयाबाहेरची स्थावर मालमत्ता असेल, तर मात्र नोंदवावाच लागतो. दाव्यातल्याच मालमत्तेतही तडजोडीने नव्यानेच हक्क निर्माण होत असेल तर नोंदणी लागू शकते, असा १९९५ चा भूपसिंग प्रकरणातला निकाल आहे. मुदत हुकूमनाम्यापासून चार महिने. अनेक जण हुकूमनाम्याची नक्कल कपाटात ठेवतात आणि वर्षांनी प्लॉट विकायला जातात तेव्हा अडकतात. आमच्या पुरसिसमध्ये, म्हणजे कोर्टात द्यायच्या तडजोडीच्या लेखी निवेदनात, वकिलांनी वेगळं कलमच घातलं की प्लॉटपुरती नोंदणी अमुक पक्षकाराने अमुक खर्चाने करून घ्यायची.

तिसरा आणि सगळ्यांत नाजूक भाग त्या मुलाचा. आदेश ३२ नियम ७ प्रमाणे अज्ञानाच्या वतीने तडजोड करायला कोर्टाची परवानगी लागते, आणि ती रोजनाम्यात स्पष्ट नोंदलेली असावी लागते. परवानगी नसेल तर ती तडजोड अज्ञान सोडून बाकी सगळ्यांविरुद्ध रद्द होऊ शकते. म्हणजे मुलगा मोठा होऊन उभा राहिला तर आमचं घर पुन्हा वादात. वहिनींनी प्रतिज्ञापत्र केलं की ही तडजोड मुलाच्या हिताची आहे. त्यांच्या वकिलांनी तसाच दाखला स्वतंत्रपणे दिला. नियमात दोन्ही लागतात. न्यायाधीशांनी तेवढ्यावर भागवलं नाही. घरातला मुलाचा हिस्सा आणि त्याला मिळणारा प्लॉट, दोन्हींचं रेडीरेकनरप्रमाणे (सरकारी दरपत्रकाप्रमाणे) मूल्य दाखवा, असा आदेश केला. आकडे आल्यावर प्लॉट वरचढ निघाला. तेव्हाच परवानगी मिळाली. आम्हाला एक तारीख जास्त लागली, पण मला तो आदेश मनापासून पटला. ज्याचं मत कुणी विचारत नाही त्याच्या वतीने कुणीतरी हिशोब तपासला.

तडजोड पुरसिस दाखल करण्याच्या दिवशी सगळे कोर्टात होतो. प्रत्येक पानावर सगळ्यांच्या सह्या, शेवटच्या पानावर फोटो, मागे आधार कार्डाच्या प्रती, आणि ज्याने त्याने आपल्या पक्षकाराला ओळखतो म्हणून वकिलांच्या सह्या. वकीलपत्रात अधिकार असेल तर वकील पक्षकाराच्या वतीने तडजोडीवर सही करू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलेलं आहे. तरी आमच्या वकिलांचा आग्रह होता की प्रत्येकाने स्वतः यावं. पुकारा झाला तसे आम्ही पुढे उभे राहिलो. न्यायाधीशांनी अटी एकेक करून मराठीत वाचल्या. मग आईला जवळ बोलावून विचारलं, "आजी, यात काय लिहिलंय ते तुमच्या शब्दांत सांगा." आई क्षणभर माझ्याकडे बघायला वळली. ते म्हणाले, "मुलीकडे नाही, माझ्याकडे बघून." आईने सांगितलं, घर आमचं, रान त्यांचं, नणंदेला लहान गट, नातवाला प्लॉट, आणि कोर्टातले पैसे भावजींनी घ्यायचे. "कुणाचा दबाव?" "नाही." काकांना विचारलं, आत्याला विचारलं, वहिनींना विचारलं. प्रत्येकाचं उत्तर पुरसिसखाली नोंदवलं गेलं, त्याखाली पुन्हा सह्या झाल्या आणि तिला निशाणी क्रमांक पडला.

इतकी चौकशी का, ते पुढे वकिलांनी सांगितलं. संमतीने झालेल्या हुकूमनाम्याविरुद्ध कलम ९६ प्रमाणे अपील चालत नाही. तडजोड बेकायदेशीर होती म्हणून वेगळा दावा लावायलाही आदेश २३ नियम ३अ ने मनाई केली आहे. फसवणूक झाली असेल तर ज्या कोर्टाने तडजोड नोंदवली त्याच कोर्टाकडे जायचं, हे १९९३ च्या बनवारीलाल प्रकरणापासून ठरलेलं आहे. दारं इतकी कमी असल्यामुळे आत येतानाच पारख होते. आणि एका बाजूने 'तडजोड झाली' म्हटलं, दुसरीने 'झालीच नाही' म्हटलं, तर त्याचा निर्णय त्याच कोर्टाने करायचा असतो.

आदेशाच्या शब्दांबद्दल आमचे वकील फार काटेकोर होते. 'तडजोडीमुळे अपील निकाली' एवढंच त्यांना नको होतं. 'अपील अंशतः मंजूर, खालच्या कोर्टाचा हुकूमनामा तडजोडीप्रमाणे बदलण्यात येतो, पुरसिस हा हुकूमनाम्याचा भाग समजावा' असं त्यांनी मागितलं आणि तसंच झालं. काही अपिलांत समोरच्याने स्वतःचा प्रतिआक्षेप, म्हणजे त्याच निकालाविरुद्धची आपली हरकत, दाखल केलेला असतो. अपील काढून घेतलं तरी तो स्वतंत्रपणे चालू शकतो, त्यामुळे तो असेल तर त्याचीही वासलात आदेशात हवी. जमा रकमेचं तेच. ती व्याजासह कुणी उचलायची हे पुरसिसमध्ये नसेल तर वेगळा अर्ज आणि वेगळी सुनावणी. आमच्या आदेशात काकांचं नाव स्पष्ट होतं, तरी कोर्टाचे पैसे सांभाळणाऱ्या नाझर कचेरीत ओळख पटवून पैसे हातात यायला त्यांना काही आठवडे लागले.

लोकअदालतीचाही पर्याय आमच्यासमोर होता. तिथला निवाडा विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम २१ प्रमाणे दिवाणी कोर्टाचा हुकूमनामाच समजला जातो, त्याविरुद्ध अपील नाही आणि कोर्ट फी परत मिळते. साध्या पैशाच्या वादाला मी तोच मार्ग सुचवेन. आमच्याकडे अज्ञान होता आणि दाव्याबाहेरचा प्लॉट होता, म्हणून नियमित कोर्टातच सावकाश तपासून घेणं बरं वाटलं.

हुकूमनामा लिहून आल्यावर मी नक्कल विभागातून प्रत घेतली आणि पुरसिस शेजारी ठेवून ओळ न ओळ वाचली. परसूच्या क्षेत्रात एक आकडा चुकलेला होता. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५२ खाली लेखनदोष दुरुस्तीचा साधा अर्ज दिला, समोरच्या वकिलांनी हरकत नाही म्हणून लिहिलं आणि दुरुस्ती झाली. ही चूक तलाठ्याकडे गेली असती तर फेरफारात उतरली असती. हुकूमनामा अपिलाच्या कोर्टाचा असला तरी अंमलबजावणी मूळ कोर्टातच होते, म्हणून दुरुस्त प्रत तिथे लावून आधीचा अंतिम हुकूमनाम्याचा, म्हणजे प्रत्यक्ष वाटप करून मागणारा, अर्ज निकाली काढून घेतला. मोजणी होऊन दोन्ही गटांचे फेरफार पडले. प्लॉटसाठी काका आणि वहिनी दुय्यम निबंधकाकडे गेले, मुद्रांक भरला आणि चार महिन्यांच्या आत नोंदणी झाली.

कोर्ट फी परतीचा अर्जही आम्ही दिला आहे. पक्षकारांनी आपापसात मिटवलं तरी ही सवलत नाकारू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२१ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या एका प्रकरणात म्हटलं होतं. तिथेही अपील प्रलंबित असतानाच खाजगी तडजोड झाली होती. तो निकाल तमिळनाडूच्या फी कायद्यावरचा आहे, त्यामुळे महाराष्ट्राच्या कायद्याखाली तो कसा लागू करायचा यावर आमचे वकील युक्तिवाद करणार आहेत. अर्ज पुढच्या महिन्यात बोर्डावर आहे.